चिखलातले गणित

लंडनमध्ये हाइड पार्क कॉर्नरच्या चौकात एक भलीमोठी दगडी तोफ आहे. भारतातून आलेल्या पाहुण्यांना बकिंगहॅम पॅलेस दाखवायला नेताना आपण सगळेच तिच्या बाजूने जातो, पण थांबत कोणी नाही. रॉयल आर्टिलरीचे, म्हणजे ब्रिटिश तोफखान्याचे, ते पहिल्या महायुद्धातले स्मारक. स्वतः त्या युद्धात जखमी झालेल्या चार्ल्स सार्जंट जॅगर या शिल्पकाराने ते घडवले आणि १९२५ साली त्याचे अनावरण झाले. मुलीला शाळेत महायुद्धावर प्रोजेक्ट मिळाला, त्या निमित्ताने एका रविवारी आम्ही दोघे तिथे मुद्दाम गेलो. तोफखान्याच्या मृतांचा आकडा दगडावर कोरलेला आहे : ४९,०७६. एका बाजूला ओव्हरकोटाने झाकलेला एक मेलेला सैनिक आहे. मुलगी बराच वेळ त्याच्याकडे पाहत होती. मी मात्र तोफेकडे पाहत होतो. ही इतकी आखूड, बुटकी, जाडजूड का? आपल्या गडांवरच्या तोफा बघा, कशा लांबलचक असतात!

मी धंद्याने आयटीवाला, लष्कराशी माझा काडीचाही संबंध नाही. पण प्रश्न डोक्यात शिरला की बाहेर निघत नाही. पुढचे काही महिने वाचत गेलो आणि त्यातून जे कळले ते तुमच्यापुढे ठेवतो आहे.

ती दगडी तोफ म्हणजे ९.२ इंची हॉवित्झर. साधी तोफ गोळा समोर सरळसोट फेकते. हॉवित्झर तो उंच उडवते आणि तो वरून खाली पडतो. शेजारच्या गच्चीत कंपाउंडच्या भिंतीवरून चेंडू टाकायचा असेल तर आपण जसा टाकू, तसा. समोरचा शत्रू जमिनीत खंदक खणून बसला असेल तर सरळ गोळ्याचा उपयोग नाही, तो डोक्यावरून निघून जातो. म्हणून हॉवित्झर. पण १९१४ साली ब्रिटिश सैन्य फ्रान्समध्ये उतरले तेव्हा त्यांच्याकडे या जातीच्या मोठ्या तोफा जवळजवळ नव्हत्याच. एका डिव्हिजनकडे १८ पौंडी तोफा ५४, ४.५ इंची हॉवित्झर १८ आणि ६० पौंडी जड तोफा फक्त ४. त्यातही १८ पौंडी तोफांना सुरुवातीला श्रॅपनेल तेवढे मिळत असे, म्हणजे हवेत फुटून छर्रे उडवणारा गोळा. दक्षिण आफ्रिकेतल्या उघड्या माळावर धावत्या माणसांविरुद्ध तो उत्तम. खंदकात बसलेल्या माणसाला त्याचे फारसे काही वाटत नाही.

जर्मनांनी मात्र तयारी केली होती, आणि ती बेल्जियमचे किल्ले डोळ्यांसमोर ठेवून. ऑगस्ट १९१४ मध्ये क्रुपच्या ४२ सेंटिमीटरच्या 'बिग बर्था' तोफांनी लिएजचे काँक्रीटचे किल्ले फोडले. १५ ऑगस्टला लोन्सॅं किल्ल्याचे दारूकोठार उडाले आणि आतले सुमारे ३५० सैनिक गेले. जगाने धडा घेतला की जो मोठा गोळा टाकेल तो जिंकेल.

मग धावपळ सुरू झाली. ब्रिटिशांनी जहाजांवरच्या आणि किनाऱ्यावरच्या जुन्या ६ इंची तोफांच्या नळ्या कापून आखूड केल्या, आतून पोखरून रुंद केल्या आणि त्यातून ८ इंची हॉवित्झर बनवल्या. त्यांना चाके कसली, तर शेतीच्या वाफेच्या इंजिनांची! याला आपण 'जुगाड' म्हणतो. ९.२ इंची तर एका जागेवरून दुसरीकडे न्यायची म्हणजे तीन भाग सुटे करायचे, पुन्हा जोडायचे आणि उडवताना ती उलटू नये म्हणून पुढे जोडलेल्या लोखंडी पेटीत सुमारे नऊ टन माती भरायची. फावड्याने! तिचा एक गोळा १३० किलोचा. स्मारकातली तोफ बुटकी का, याचे उत्तर मला इथे मिळाले.

पण मोठी तोफ हाताशी असून भागत नाही, हे फार लवकर दिसले होते. १० मार्च १९१५ ची न्यूव्ह शापेलची लढाई. या लढाईत हल्ला करणाऱ्यांपैकी जवळजवळ निम्मे भारतीय होते, मीरत आणि लाहोर डिव्हिजनचे. (त्या युद्धात आपल्या मराठा पलटणी बहुतांशी मेसोपोटेमियात लढल्या, म्हणून इथे त्यांचे नाव येत नाही.) सकाळी साडेसात वाजता फक्त ३५ मिनिटे तोफांचा मारा झाला आणि मधल्या भागात सैनिक थेट गावात घुसले. डाव्या टोकाला मात्र काटेरी तार जशीच्या तशी उभी होती. तिथे नेमलेल्या ६ इंची हॉवित्झरच्या दोन बॅटऱ्या इंग्लंडहून आदल्या दिवशीच पोहोचल्या होत्या. चाचणीचे गोळे टाकून नेम ठरवायला त्यांना वेळच मिळाला नाही. त्या तारेपुढे मिडलसेक्स आणि स्कॉटिश रायफल्सच्या पलटणी कापल्या गेल्या. तीन-चार दिवसांत चार हजारांहून अधिक भारतीय मारले गेले, जखमी किंवा बेपत्ता झाले.

माझ्या मते सगळे मर्म इथेच होते. तोफ होती, गोळे होते, माणसे होती. नेम नव्हता. पण वरिष्ठांनी निष्कर्ष काढला तो 'अजून तोफा, अजून गोळे' असा. आमच्या धंद्यातही हे रोज दिसते. सॉफ्टवेअर चालत नाही? अजून सर्व्हर लावा!

१९१५ च्या मे महिन्यात गोळ्यांच्या टंचाईवरून लंडनच्या वर्तमानपत्रांत गहजब झाला, लॉइड जॉर्ज यांच्याकडे दारूगोळ्याचे नवे खाते आले आणि हजारो बायका कारखान्यांत गोळे भरू लागल्या. टीएनटीने त्यांची कातडी पिवळी पडे म्हणून लोक त्यांना 'कॅनरी' म्हणत. त्या गोळ्यांचा हिशेब १९१६ साली सॉमला झाला. सात दिवस, सुमारे पंधरा लाख गोळे. पण त्यातले बरेचसे श्रॅपनेल होते, घाईत बनवलेले कितीतरी फुटलेच नाहीत, आणि जर्मन खडूच्या खडकात सहा ते नऊ मीटर खोल तळघरांत बसून राहिले. १ जुलैला मारा पुढे सरकला तसे ते मशीनगन घेऊन वर आले. त्या एका दिवसात ब्रिटिशांचे ५७,४७० सैनिक पडले, त्यातले १९,२४० मेले.

नेम का लागत नव्हता, हे समजून घेण्यासारखे आहे. सहा-सात मैलांवरचे लक्ष्य गोलंदाजाला दिसतच नाही. (गोलंदाज हा शब्द आपण क्रिकेटला नंतर दिला, मुळात तो तोफ डागणाऱ्याचा.) तो नकाशावरून अंदाज घेतो, एक गोळा टाकतो, पुढे बसलेला निरीक्षक टेलिफोनवर सांगतो 'शंभर यार्ड डावीकडे', मग दुसरा, मग तिसरा. असे प्रत्येक तोफेने करायचे. म्हणजे हल्ल्याच्या आधी कित्येक दिवस शत्रूला दवंडी पिटून सांगायचे की आम्ही इथे येतो आहोत. शिवाय आज लागलेला नेम उद्या लागेल याची खात्री नाही. वारा बदलतो. हवा थंड झाली की दाट होते आणि गोळा अलीकडे पडतो. दारू गार असेल तर वेग कमी होतो. हजारो गोळे उडवून झिजलेली नळी नव्या नळीइतका लांब फेकत नाही. एका बॅटरीतल्या चार सारख्या तोफाही सारख्या नसतात.

या सगळ्याला माणसांनी उत्तर शोधले, आणि ते शोधणारे बरेचसे लष्करी नव्हतेच. लॉरेन्स ब्रॅग हा २५ वर्षांचा भौतिकशास्त्रज्ञ १९१५ साली आवाजावरून शत्रूची तोफ हुडकण्याच्या कामावर बेल्जियममध्ये गेला. तिथे असतानाच त्याला आणि त्याच्या वडिलांना एक्स-रेवरच्या कामासाठी नोबेल मिळाल्याची बातमी आली. ज्या पाद्र्याच्या घरी मुक्काम होता त्याने वाइनची बाटली काढून ते साजरे केले. दोनच महिन्यांपूर्वी त्याचा धाकटा भाऊ, तोही तोफखान्यातलाच, गॅलिपोलीला मारला गेला होता.

कल्पना सोपी होती. एका कमानीत सहा मायक्रोफोन ठेवायचे, प्रत्येकाला आवाज केव्हा पोहोचला ते फिल्मवर सेकंदाच्या शतांशात नोंदवायचे आणि त्या फरकावरून तोफेची जागा काढायची. अडचण अशी की मायक्रोफोन गोळ्याच्या कर्कश कडकडाटालाच दाद देत, तोफेच्या खर्जातल्या 'धुम्म'ला नाही. ब्रॅगला उत्तराचा धागा सापडला तो शौचकूपात. दार बंद, बाहेरच्या हवेला वाट फक्त बैठकीच्या भोकातून. जवळची ६ इंची तोफ उडाली की तो बैठकीवरून किंचित उचलला जाई! म्हणजे आवाज ऐकू येवो न येवो, हवेचा दाब येतोय. टकर नावाचा, पूर्वी लंडनच्या इम्पीरियल कॉलेजात काम केलेला, एक कॉर्पोरल त्याच्या तुकडीत होता. त्याच्या झोपडीच्या भिंतीला भोके होती आणि तोफ उडाली की त्यातून गार झुळूक तोंडावर येई. त्याने पेटीच्या भोकावर विजेने तापवलेली बारीक तार बसवली. झुळकीने तार गार होते, विजेचा प्रवाह बदलतो, फिल्मवर रेघ हलते. १९१६ मध्ये हे यंत्र आले आणि शत्रूची तोफ काही दहा मीटरांच्या फरकाने सापडू लागली.

त्याच सुमारास '१०६' नावाचा नवा फ्यूज आला. जमिनीला वा तारेला नुसता स्पर्श होताच गोळा फुटे, त्यामुळे खड्डा न पडता तार तुटे. ९ एप्रिल १९१७ ला विमीच्या टेकडीवर कॅनडाच्या सैन्याने दोन्ही गोष्टी वापरल्या. शत्रूच्या तोफा हुडकण्याचे काम अँड्र्यू मॅकनॉटन या मॅकगिल विद्यापीठातल्या इलेक्ट्रिकल इंजिनियरकडे होते. हल्ल्याआधीच समोरच्या सुमारे ८३ टक्के तोफांची जागा त्याला माहीत होती. जिच्यापुढे फ्रेंचांचे रक्ताचे पाट वाहिले होते ती टेकडी चार दिवसांत हाती आली.

आता वाटेल की इथून पुढे सगळे शहाणे झाले. नाही. जुलै १९१७ मध्ये बेल्जियममध्ये ईप्रच्या पुढे हेग यांनी पुन्हा वजनावरच भिस्त ठेवली. हल्ल्याआधीच सुमारे ४३ लाख गोळे. तो प्रदेश मुळात पाणथळ, शेतकऱ्यांनी पिढ्यान्‌पिढ्या खणलेल्या चरांमुळे कोरडा राहिलेला. गोळ्यांनी ते चर उद्ध्वस्त केले आणि ऑगस्टमध्ये पाऊस कोसळला. भातखाचरात चिखलणी होते तसा चिखल, पण माणूस गळ्यापर्यंत बुडेल इतका खोल. आपल्याच गोळ्यांनी आपल्या तोफांखालची जमीन काढून घेतली. प्रत्येक बाराबरोबर तोफ चिखलात थोडी रुतायची, म्हणजे प्रत्येक बाराबरोबर नेम हलायचा. फळ्यांचे रस्ते केले, पण त्यांवरून घसरलेले खेचर परत वर येत नसे. गोळे खेचरांच्या पाठीवरून यायचे, आल्यावर चिखल पुसून साफ करायचे. आणि एवढे करून टाकलेला गोळा मऊ चिखलात खोल घुसून नुसता कारंजे उडवायचा. ऑक्टोबरमध्ये तोफा पुढे नेणेच अशक्य झाले, मारा विरळ पडला आणि पायदळाला जवळजवळ उघड्यावर ढकलले गेले. 'सेनापती सगळे गाढव होते' असे इथल्या टीव्हीवर आणि शाळेत सर्रास सांगतात, ते मला पटत नाही. ते शिकत होते, महाग किमतीत का होईना. पण त्या ऑक्टोबरचे समर्थन मला करता येत नाही.

त्याच नोव्हेंबरची २० तारीख, शेजारच्या फ्रान्समधले काँब्रे. जमीन घट्ट, गवताळ, गोळ्यांनी न उकरलेली. ब्रिगेडियर ह्यू ट्यूडर यांनी सुचवले की चाचणीचा एकही गोळा टाकायचा नाही. प्रत्येक तोफेची जागा भूमापन करून नकाशावर पक्की करायची, प्रत्येक नळीचा वेग आधीच मोजून ठेवायचा, वारा आणि तापमान हवामान खात्याकडून तारेने घ्यायचे, आणि कोष्टके घेऊन कागदावर नेम काढायचा. पहाटे ६ वाजून २० मिनिटांनी १,००३ तोफा एकदम उडाल्या. पहिला गोळाच लक्ष्यावर. काँब्रे म्हटले की सगळ्यांना रणगाडे आठवतात, पण माझ्या दृष्टीने त्या दिवसाचा नायक तो कारकुनी कागद आहे. एका दिवसात सुमारे आठ किलोमीटर मुसंडी, जिला ईप्रपुढे साडेतीन महिने लागले होते. दहा दिवसांनी जर्मनांनी उलट हल्ला करून बरेचसे परत घेतले, ही गोष्ट वेगळी.

जर्मनही तेच शिकले होते. ब्रुखम्युलर हा निवृत्तीतून परत बोलावलेला अधिकारी त्यांचा तोफखान्याचा उस्ताद. २१ मार्च १९१८ ला त्याने पाच तासांत दहा लाखांवर गोळे टाकले, तेही खंदकांपेक्षा तोफा, टेलिफोन आणि मुख्यालये निवडून. दोनच दिवसांनी १२० किलोमीटरवरून पॅरिसवर मारा करणारी प्रसिद्ध तोफ धडाडली. प्रत्येक गोळ्याने तिची नळी इतकी झिजायची की पुढचा गोळा थोडा जाड लागे, म्हणून गोळ्यांना क्रमांक होते. नेम धरताना पृथ्वीचे फिरणेही हिशेबात घ्यावे लागे. तिने अडीचशेच्या आसपास नागरिक मारले आणि युद्धावर परिणाम शून्य. मोठी तोफ बनवायच्या हौसेचे ते शेवटचे टोक.

८ ऑगस्ट १९१८ ला आमियाँला हल्ला झाला तेव्हा समोरच्या ५३० जर्मन तोफांपैकी ५०४ तोफांची जागा ब्रिटिशांना आधीच ठाऊक होती. पहिल्या काही मिनिटांत त्यांतल्या बहुतेक गप्प झाल्या. तीन महिन्यांत युद्ध संपले.

ईप्रच्या चिखलाने मात्र अजून हिशेब पुरा केलेला नाही. मऊ जमिनीत फ्यूज न दबल्याने जे गोळे फुटलेच नाहीत ते आजही नांगराला लागून वर येतात. शेतकरी ते उचलून शेताच्या कडेला ठेवतात आणि फोन करतात. मग पुलकापेल इथून बेल्जियन लष्कराची गाडी येते आणि ते घेऊन जाते. दर वर्षी असे शंभर टनांहून अधिक.