ढगांचे बारसे

ढग हाती धरता येत नाही आणि पाहता पाहता तो दुसराच होऊन बसतो. अशा वस्तूचे वर्गीकरण कसे करायचे? १८०२ साली दोन माणसांनी हा प्रश्न स्वतंत्रपणे हाती घेतला. पॅरिसमध्ये लामार्क या नामवंत निसर्ग-अभ्यासकाने ढगांचे पाच प्रकार कल्पून त्यांना फ्रेंच नावे दिली. ती रुजली नाहीत. त्याच वर्षीच्या डिसेंबरात ल्यूक हॉवर्ड या औषध-व्यावसायिकाने लंडनमधल्या एका छोट्या अभ्यासमंडळापुढे निबंध वाचला. त्यातली लॅटिन नावे आजही वेधशाळांच्या नोंदींत आहेत.

लॅटिनमुळेच हॉवर्ड टिकला, असे सर्रास म्हटले जाते. मला हे अर्धेच खरे वाटते. त्याने मूळ रूपे तीनच मानली: सिरस म्हणजे केसांची बट, क्युम्युलस म्हणजे रास, स्ट्रेटस म्हणजे पसरलेला थर. मात्र या त्याच्या लेखी अभेद्य जाती नव्हत्या. एक रूप दुसऱ्यात विरघळते हे त्याने आकाशात पाहिले होते; म्हणून सिरो-क्युम्युलस, सिरो-स्ट्रेटस अशी जोडनावे त्याने घडवली आणि पाऊस देणाऱ्या मिश्ररूपाला निंबस म्हटले. ही सरळसरळ समासाची युक्ती आहे. लामार्कची नावे ही सुटी वर्णने होती. बदलत्या ढगामागे जाण्याची सोय त्यांत नव्हती.

पुढे टॉमस फॉर्स्टर याने या संज्ञांना अस्सल इंग्रजी प्रतिशब्द सुचवले. हॉवर्डला ते रुचले नाहीत. देशोदेशीच्या निरीक्षकांना एकमेकांच्या नोंदी कळाव्यात, हा त्याचा आग्रह होता. हॉवर्डच्या गौरवार्थ कविता लिहिणाऱ्या ग्योथेचेही मत हेच, की ही नावे कोणत्याही भाषेत अनुवादित करू नयेत. कवीने असे म्हणावे, याचे जरा नवलच वाटते! १८९६ च्या आंतरराष्ट्रीय मेघ-चित्रसंग्रहानेही लॅटिनच कायम ठेवली.

मराठीने मात्र हा सल्ला मानला नाही. आपल्याकडे तंतुमेघ, राशिमेघ, स्तरमेघ अशा संज्ञा घडल्या. संस्कृतातून समासाची सवय आयतीच मिळालेली असल्याने हॉवर्डची जोडणीही त्यांत सहज उतरते. फॉर्स्टरचे प्रतिशब्द मात्र इंग्रजीतच अडगळीत पडले.