कारण : ताप

२०२३च्या दिवाळीनंतर आमच्या घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर काकांनी एक फोटो टाकला. कडा कुरतडलेला पिवळा कागद आणि त्यावर मोडीतल्या ओळी. तेव्हा राज्यभर कुणबी नोंदींचा शोध चालू होता. तहसीलच्या कपाटांतून कोतवाल बुकं, म्हणजे गाव नमुना १४ची जन्ममृत्यूची रजिस्टरं, बाहेर येत होती, स्कॅन होत होती. मोडी वाचणाऱ्यांना कधी नव्हे तो भाव आला होता. काकांनी आमच्या नगर जिल्ह्यातल्या गावाचं १९१८चं पान एका वाचकाकडून लावून घेतलं होतं. त्यांना हवा होता जातीचा रकाना. तो सापडला, ग्रुपवर अंगठ्यांचा पाऊस पडला.

मी मात्र शेजारच्या रकान्यात अडकलो. मृत्यूचं कारण. महिना ऑक्टोबर. ताप. ताप. ताप. मध्येच एक ‘खोकला व ताप’. पुन्हा ताप. यातली एक ओळ माझ्या पणजोबांच्या आईची होती. वय सव्वीस.

आजी तिच्याबद्दल एवढंच सांगायची, “मानमोडीत गेली. चौथ्या दिवशी छाती भरली, पाचव्या दिवशी संपलं.” मानमोडी म्हणजे १९१८चा इन्फ्लुएंझा. घरातल्या आठवणीला रोगाचं नाव माहीत होतं, छातीत काय झालं तेही माहीत होतं. सरकारी कागदाला माहीत होता फक्त ताप.

हे मला जरा जास्तच लागलं, कारण माझी नोकरीच या रकान्याची आहे. मी पुण्यात एका कंपनीत मेडिकल कोडिंगचं सॉफ्टवेअर लिहितो. अमेरिकेतल्या हॉस्पिटलमधून पेशंटचे कागद येतात. आमच्याकडचे कोडर, बहुतेक बीएचएमएस, बीएएमएस नाहीतर फार्मसी झालेले, ते वाचून प्रत्येक आजाराला एक कोड देतात. बिल त्यावर ठरतं, आकडेवारीही त्यावरच. हे कोड येतात आयसीडीमधून, म्हणजे जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगांच्या यादीतून.

या यादीच्या दहाव्या आवृत्तीत इन्फ्लुएंझाची तीन घरं आहेत. जे०९ हे बर्ड फ्लूसारख्या काही खास विषाणूंसाठी. जे१० म्हणजे विषाणू ओळखला गेलाय. जे११ म्हणजे इन्फ्लुएंझा आहे, पण विषाणू ओळखलेला नाही. सोबत न्यूमोनिया असेल तर पुढे शून्य लागतं : जे१०.०, जे११.०. अमेरिकेच्या आवृत्तीत त्यापुढे आणखी एक आकडा असतो, न्यूमोनिया कुठल्या प्रकारचा हे सांगणारा.

नोकरीच्या पहिल्या वर्षी मी इथेच माती खाल्ली. अमेरिकेत ॲडमिट पेशंटच्या डिस्चार्जच्या कागदावर डॉक्टरने ‘बहुधा अमुक आजार’ असं लिहिलं, तर तो आजार आहे असंच धरून कोड देतात. हा नियम मी सरसकट लावला. इन्फ्लुएंझा त्याला अपवाद आहे हे मी वाचलंच नव्हतं. तिथे ‘बहुधा इन्फ्लुएंझा ए’ लिहिलं असेल तर जे१० चालत नाही, जे११च द्यावा लागतो. उलट डॉक्टरने ठामपणे ‘इन्फ्लुएंझा ए’ लिहिलं, तर लॅबचा रिपोर्ट सोबत नसला तरी जे१० चालतो. माझ्या नियमाने कितीतरी ‘बहुधा’ पुसून टाकले. ऑडिटमध्ये ते पकडलं गेलं आणि आमच्या सीनियर कोडर मॅडमनी मला बोलावून घेतलं.

“डॉक्टरला जेवढं माहीत आहे तेवढंच लिहायचं,” त्या म्हणाल्या. “त्याच्यापेक्षा जास्त तुला कुठून कळलं? अकरा नंबर त्याच्यासाठीच ठेवलाय ना.”

तेव्हा मी ते फक्त बग म्हणून दुरुस्त केलं. काकांचा फोटो आल्यावर मात्र वाटलं, ‘माहीत नाही’साठीही वेगळं घर हवं, हे कुणाला आणि कधी सुचलं असेल?

सुरुवात साधारण विल्यम फारपासून करता येते. १८३७मध्ये इंग्लंडमध्ये जन्ममृत्यूची नागरी नोंदणी सुरू झाली आणि लवकरच हा डॉक्टर तिथल्या नोंदणी कार्यालयात आकड्यांवर बसला. त्याची तक्रार अशी, की एकाच रोगाला चार डॉक्टर चार नावं देतात, आणि चार वेगळ्या रोगांना एकच मोघम नाव देतात. मग मोजायचं काय? १८४७च्या हिवाळ्यात लंडनमध्ये इन्फ्लुएंझाची साथ आली, तेव्हा त्याला दिसलं की दाखल्यांवर इन्फ्लुएंझा लिहिलेले मृत्यू कमीच आहेत, पण ब्राँकायटिस, न्यूमोनिया, दमा या सगळ्या रकान्यांतले आकडे एकदम फुगलेत. त्याने वेगळा हिशेब मांडला : एरवी या दिवसांत किती माणसं मरतात, यंदा किती मेली, वरची किती? इन्फ्लुएंझा दुसऱ्याच्या नावावर मारतो. त्याला पकडायचं तर एकूण बेरजेतून पकडायचं. आज याला जादा मृत्यूंची पद्धत म्हणतात. कोविडच्या काळात ती आपण रोज ऐकत होतो.

पुढे १८९३मध्ये शिकागोला भरलेल्या संख्याशास्त्रज्ञांच्या आंतरराष्ट्रीय सभेत पॅरिसच्या जाक बर्तियों यांनी मृत्यूच्या कारणांची यादी मांडली. (गुन्हेगार ओळखण्यासाठी त्यांच्या शरीराची मापं घेण्याची पद्धत काढणारे आल्फाँस बर्तियों हे त्यांचे भाऊ. एक भाऊ माणसांना नंबर देत होता, दुसरा मरणांना.) सर्वांत मोठ्या आवृत्तीत १६१ कारणं होती. हीच यादी वाढत वाढत १९४८मध्ये जागतिक आरोग्य संघटनेच्या हातात आली. दहावी आवृत्ती १९९०मध्ये मंजूर झाली.

बर्तियोंच्या यादीत इन्फ्लुएंझा आणि न्यूमोनिया या दोन वेगळ्या ओळी होत्या. १९१८ने ती वाटणी मोडली. माणूस फ्लूने आजारी पडायचा आणि न्यूमोनियाने मरायचा. दाखल्यावर काय लिहायचं? एक डॉक्टर हे लिही, दुसरा ते. शेवटी अमेरिकेच्या सेन्सस ब्यूरोने त्या साथीचे तक्ते ‘इन्फ्लुएंझा आणि न्यूमोनिया’ असे एकत्रच छापले. ही जोडी पुढे सुटलीच नाही. आयसीडीच्या दहाव्या आवृत्तीतही हे दोघे एकाच गटात राहतात.

आता मुंबईत येऊ. १० जून १९१८ला सात पोलीस शिपाई तापाने हॉस्पिटलात दाखल झाले. त्यातला एक गोदीवर नेमलेला होता. ताप मलेरियाचा नव्हता. ही पहिली लाट होती, बरीच सौम्य. दुसरी सप्टेंबरात आली. ६ ऑक्टोबरला एका दिवसात शहरात ७६८ मृत्यूंची नोंद झाली. मग ती रेल्वेने आणि पायवाटांनी घाटावर चढली. त्या साली पाऊस दगा देऊन गेला होता, धान्य महागलं होतं. मुंबई इलाखा हा देशातल्या सगळ्यात जास्त पोळलेल्या प्रांतांपैकी एक.

शहरात निदान डॉक्टर होते. खेड्यात मरण नोंदवायचं काम गावकामगारांचं. कारणांचे सरकारी गट मोजकेच : पटकी, देवी, प्लेग, ताप, हगवण-आमांश, श्वसनाचे रोग, इजा आणि इतर. पटकी ओळखू येते, देवी अंगावर दिसतात, प्लेगची गाठ हाताला लागते. बाकी जे अंग तापून मेलं ते ‘ताप’. मलेरिया तिथेच, टायफॉइड तिथेच, मानमोडीही तिथेच. आमच्या भाषेत सांगायचं तर ‘ताप’ हा त्या प्रोग्रामचा ‘एल्स’ होता. वरच्या एकाही अटीत न बसलेलं सगळं तिथे येऊन पडायचं.

म्हणून भारतात मानमोडीने नेमके किती मेले हे कुठल्याच रकान्यात वाचता येत नाही. फारची वजाबाकी करावी लागते. सॅनिटरी कमिशनर नॉर्मन व्हाइट यांनी १९१९च्या प्राथमिक अहवालात साधारण ६० लाखांचा अंदाज दिला. १९८६मध्ये आय. डी. मिल्स यांनी पुन्हा हिशेब केला, तो १ कोटी ७० ते ८० लाखांवर गेला. २०१२मधल्या एका अभ्यासात तो सुमारे १ कोटी ३९ लाख आला. दोन अंदाजांमधल्या फरकात अख्खी शहरं मावतील. भारताच्या लोकसंख्येचा आलेख १९११ ते १९२१ या एकाच दशकात खाली वाकतो, एवढं मात्र कुणीही पाहू शकतं.

गंमत म्हणजे कागद सगळ्याच बाबतीत मोघम नव्हता. मुंबई शहरात या साथीतले मृत्यू जातवार मोजले गेले. युरोपियनांमध्ये हजारी ८.३ आणि ‘खालच्या जातींचे हिंदू’ म्हणून वेगळा रकाना केलेल्यांमध्ये हजारी ६१.६. आमच्या गावच्या पानावरही तेच. कोण कुठल्या जातीचं हे इतकं चोख लिहिलंय, की १०५ वर्षांनी त्यावर दाखला मागता येतो. कशाने मेलं, तिथे दोन अक्षरं.

लिहिणाऱ्यावर राग काढून उपयोग नाही. १९१८मध्ये मोठमोठ्या प्रयोगशाळांनाही उत्तर माहीत नव्हतं. १८९२पासून फायफरने शोधलेल्या जिवाणूमुळे इन्फ्लुएंझा होतो असाच समज होता. माणसातला इन्फ्लुएंझाचा विषाणू सापडला १९३३मध्ये. १९१८च्या विषाणूची संपूर्ण जनुकीय रचना कळली ती थेट २००५मध्ये, जुन्या सैनिकी नमुन्यांतून आणि अलास्कातल्या गोठलेल्या जमिनीत पुरलेल्या एका प्रेताच्या फुप्फुसातून. तो एच१एन१ निघाला. २००८मध्ये शवविच्छेदनाचे जुने नमुने पुन्हा तपासले गेले आणि दिसलं, की बहुतेकांचा शेवट विषाणूच्या मागोमाग आलेल्या जिवाणूंच्या न्यूमोनियाने झाला. ‘छाती भरली’ हे आजीचं वाक्य वैद्यकीयदृष्ट्याही बरोबर होतं.

अकराव्या आवृत्तीत, म्हणजे २०२२पासून, या जोडीची घरं पुन्हा वेगळी झाली. इन्फ्लुएंझा संसर्गजन्य रोगांच्या प्रकरणात गेला, न्यूमोनिया श्वसनाच्या प्रकरणात राहिला, आणि दोन्ही असतील तर कोड मध्ये तिरकी रेघ देऊन जोडायचे. इंजिनिअर म्हणून मला ही रचना आवडते. पण कुठलीही रचना पहिल्या कागदापेक्षा शहाणी होत नाही. २०२०मध्ये भारतात नोंदवलेल्या मृत्यूंपैकी फक्त २२.५ टक्के मृत्यूंचं कारण डॉक्टरने प्रमाणित केलेलं होतं. बाकीच्यांच्या घरीही कुणीतरी आजी असेलच, छातीचं सांगणारी.

एका रात्री मी पणजोबांच्या आईचा कोड काढायला बसलो. फक्त रजिस्टर धरलं तर आर५०.९ : ताप, कारण अनिर्दिष्ट. जे१०.० द्यायचा मोह झाला. विषाणू आता ओळखीचा आहे, तारीख जुळते, गाव जुळतं. पण तिची तपासणी कुणी केली नव्हती. मॅडमचा नियम लावला. आजीचं म्हणणं लक्षणांसकट नोंदवून घेतलं, आणि जेवढं माहीत आहे तेवढंच लिहिलं : जे११.०. न्यूमोनियासह इन्फ्लुएंझा, विषाणू ओळखलेला नाही.

ग्रुपवर टाकलं. बराच वेळ कुणी काही बोललं नाही. मग काकांचा मेसेज आला, “हा कसला नंबर रे? कुठल्या दाखल्याला लागतो?”