साडेपाचला थांबणारे ध्वनिमुद्रण

जानेवारी १९६८. बीटल्समधील जॉर्ज हॅरिसन 'वंडरवॉल' या चित्रपटाच्या संगीतासाठी मुंबईत आले. फोर्टमध्ये, फिरोजशहा मेहता रस्त्यावरील युनिव्हर्सल इन्शुरन्स बिल्डिंगमध्ये एच.एम.व्ही.चा स्टुडिओ होता. तेथे काही दिवस काम चालले.

अडचण यंत्राची होती. मुंबईत होते ते मोनो. त्यात नवल नव्हते. हिंदी चित्रपटगीतेही तेव्हा बहुतांशी मोनोतच मुद्रित होत. अखेर ग्रामोफोन कंपनीच्या भास्कर मेनन यांनी कलकत्त्याहून दोन ट्रॅकचे यंत्र रेल्वेने आणले, असे हॅरिसन यांनी पुढे सांगितले. (हेच मेनन नंतर ई.एम.आय. म्युझिकचे जागतिक प्रमुख झाले.)

दोनच ट्रॅक असल्यामुळे सरोद, संतूर, शहनाई यांचा आवाज मागाहून सुटा कमीजास्त करणे अशक्य. जो तोल साधायचा तो त्या खोलीतच, वाजवता वाजवता. आशिष खाँ, शिवकुमार शर्मा, महापुरुष मिश्र यांच्यासमवेत सूरबहारवर चंद्रशेखर नारिंग्रेकर होते, बासरीवर एस. आर. केंकरे, तारशहनाईवर विनायक व्होरा. यांतील नारिंग्रेकर आणि केंकरे ही नावे आज मराठी रसिकांनाही क्वचितच ठाऊक असतात, ही खेदाची बाब आहे.

याच दिवसांत 'द इनर लाइट'चे वाद्यसंगीतही मुद्रित झाले. गायन फेब्रुवारीत लंडनला झाले आणि मार्चमध्ये ते 'लेडी मॅडोना'च्या तबकडीच्या दुसऱ्या बाजूस आले. 'वंडरवॉल म्युझिक' नोव्हेंबरात निघाले: बीटल्सपैकी कोणाचाही पहिला स्वतंत्र अल्बम, आणि ॲपल कंपनीची पहिली एल.पी.

आता हाय-रेझोल्यूशनविषयी. सीडीवर सेकंदाला ४४,१०० नमुने, प्रत्येकी १६ बिटचे. हाय-रेझोल्यूशन फाइलीत अनेकदा ९६,००० आणि २४ बिट. तथापि फितीवर जे उमटलेच नाही ते कोणताही आकडा निर्माण करू शकत नाही. फितीवर उमटले मात्र बरेच. स्टुडिओ पुरेसा ध्वनिरोधक नव्हता. कान देऊन ऐकल्यास काही तुकड्यांत रस्त्यावरच्या टॅक्सी ऐकू येतात, असे हॅरिसन यांनीच नोंदवले आहे. सायंकाळी साडेपाचला कचेऱ्या सुटत, जिन्यावर पावलांचा गदारोळ होई आणि ध्वनिमुद्रण थांबवावे लागे.

ध्वनिशुद्धतेचे आग्रही या आवाजांना दोष म्हणतील. इतिहासाच्या दृष्टीने मात्र तो १९६८च्या फोर्टचा अस्सल दस्तऐवज आहे, आणि तो पुसणारे शुद्धीकरण नको तितके शुद्ध ठरेल.

२०१४च्या नव्या आवृत्तीत 'द इनर लाइट'चे एक गायनविरहित पर्यायी मुद्रण जोडले आहे. हेडफोन लावून आधी तेच ऐकावे. तेथे केवळ मुंबईच्या त्या खोलीतील वादकच ऐकू येतात.