गोगलगाय अन् पोटात विष

‘गोगलगाय अन् पोटात पाय’ म्हणणाऱ्याने कोनस मॅगस पाहिलेली नसणार. समुद्रातली ही शंखवाली बाई मासा जवळ आला की सोंडेतून विषारी भाला मारते. मासा जागीच लुळा, मग अख्खा गट्टम. मॅगस म्हणजे जादूगार.

पण मला भावली ती बाल्डोमेरो ऑलिव्हेरांची गोष्ट. स्टॅनफर्डमध्ये डीएनए जोडणाऱ्या एन्झाइमवर काम करून हा माणूस मायदेशी, फिलिपिन्सला परतला, तर लॅबमध्ये धड यंत्रंच नाहीत! (आपण एक सर्व्हर मिळाला नाही तर दोन आठवडे नुसत्या मेल टाकत बसतो.) त्यांनी काय केलं? लहानपणी शंख-शिंपले जमवायचा नाद होता, तिथल्याच समुद्रातल्या या गोगलगायींचं विष तपासायला घेतलं.

पुढे ते अमेरिकेत युटा विद्यापीठात गेले. तिथे क्रेग क्लार्क या विद्यार्थ्याने विषातले घटक वेगवेगळे करून थेट उंदरांच्या मेंदूत टोचले. एका घटकाने उंदीर झोपायचा, दुसऱ्याने थरथरायचा! म्हणजे ते एक विष नव्हतंच, अख्खं मेडिकल स्टोअर होतं. मायकल मॅकिन्टॉश हा नुकताच शाळा संपवलेला पोरगा. त्याने मॅगसच्या विषातून २५ अमिनो आम्लांचा एक रेणू शोधला. मज्जातंतूंमधली कॅल्शियमची दारं बंद करून तो वेदनेचा निरोपच अडवतो. डिसेंबर २००४ मध्ये अमेरिकेत त्याला औषध म्हणून मान्यता मिळाली.

मॉर्फीनसारखी याची चटक लागत नाही. पण पंप लावून थेट पाठीच्या कण्यातल्या द्रवात सोडावं लागतं, आणि भ्रम होण्याची भीती असतेच. त्यामुळे दुसरा काही इलाज चालत नाही अशाच पेशंटला देतात.