मोबाइलमधला खेळ जगाला दिसतो कसा?

मागच्या उन्हाळ्यात एका शिक्षक-शिबिरात गणिताच्या एका बाईंनी मला विचारले, "सर, आमच्या वर्गातला एक मुलगा रात्री मोबाइलवर खेळत बसतो आणि त्याचा खेळ पाचपन्नास जण आपापल्या घरी बसून बघतात. कॅमेरा नाही, वायर नाही. मग ते चित्र जाते तरी कसे?" प्रश्नाला तक्रारीचा सूर होता, पण प्रश्न चांगला होता. मी दिलेले उत्तर मात्र घाईचे आणि अपुरे होते. ते येथे सविस्तर देत आहे.

प्रथम थोडा हिशेब करू. मोबाइलच्या पडद्यावरील चित्र म्हणजे रंगीत ठिपक्यांची जाळी. मध्यम प्रतीच्या चित्रात आडवे १२८० आणि उभे ७२० ठिपके असतात, म्हणजे एकूण ९,२१,६००. प्रत्येक ठिपक्याचा रंग सांगायला २४ बिट लागतात. चित्र हलते दिसावे म्हणून सेकंदाला ३० चित्रे पाठवायची. गुणाकार केला की सेकंदाला ६६,३५,५२,००० बिट होतात. मोबाइलवरून असे प्रक्षेपण करणाऱ्याला प्रत्यक्षात सेकंदाला ३० लाख बिटांच्या आसपास पाठवणे परवडते. म्हणजे मूळ माहिती दोनशेहून अधिक पटींनी आवळायची, तीही खेळ चालू असताना, आणि खेळ न अडखळता. या आवळण्याचा इतिहास मोबाइलपेक्षा, किंबहुना संगणकापेक्षाही जुना आहे.

चित्र न पाठवता खेळ दाखवण्याची एक युक्तीही आहे, ती आधी पाहू. डिसेंबर १९९३ मध्ये 'डूम' हा संगणकावरील खेळ आला. त्यात आपला खेळ साठवून मित्राला देता येई. त्या फाइलमध्ये एकही चित्र नसे. खेळाडूने कोणत्या क्षणी कोणती कळ दाबली, एवढीच नोंद असे. सेकंदाचे ३५ भाग पाडलेले आणि प्रत्येक भागाला ४ बाइट, म्हणजे सेकंदाला अवघे १४० बाइट. मित्राचा संगणक त्या नोंदींप्रमाणे तोच खेळ पुन्हा खेळून दाखवी. बुद्धिबळाचा डाव वर्तमानपत्रात छापतात तसाच हा प्रकार. पटाचे छायाचित्र छापत नाहीत, चाली छापतात. अडचण अशी की वाचणाऱ्याकडे पट हवा. 'डूम'ची नोंद पाहायची तर पाहणाऱ्याकडे तोच खेळ, त्याच आवृत्तीचा हवा. मला स्वतःला ही युक्ती फार देखणी वाटते. पण ज्याच्याकडे तो खेळ नाही अशा प्रेक्षकाला तिचा काही उपयोग नाही. त्याला चित्रच द्यावे लागते.

आता मुख्य रस्त्यावर येऊ. लागोपाठच्या दोन चित्रांत फारसा फरक नसतो. मग दर वेळी सगळे चित्र का पाठवायचे? जेवढे बदलले तेवढेच पाठवावे. हा विचार आर. डी. केल या अभियंत्याने १९२९ सालच्या एका ब्रिटिश पेटंटात मांडला होता. दूरचित्रवाणी तेव्हा बाल्यावस्थेत होती. मागचे चित्र लक्षात ठेवणारे साधनच उपलब्ध नसल्याने ही कल्पना कितीतरी वर्षे कागदावर राहिली.

दुसरा धागा एका विद्यार्थ्याचा आहे. अमेरिकेतील एम.आय.टी.मध्ये १९५१ साली प्राध्यापक रॉबर्ट फॅनो यांनी वर्गाला दोन पर्याय दिले. परीक्षा द्या, नाहीतर एक प्रश्न सोडवून निबंध लिहा. प्रश्न असा होता : नेहमी येणाऱ्या चिन्हांना छोटे आणि क्वचित येणाऱ्यांना लांब संकेत द्यायचे, तर सर्वांत काटकसरीची संकेतावली कशी तयार करावी? खुद्द फॅनोंनाही याचे पूर्ण उत्तर सापडलेले नव्हते, पण ते त्यांनी वर्गाला सांगितले नाही. डेव्हिड हफमन नावाचा विद्यार्थी कंटाळून परीक्षेच्या अभ्यासाकडे वळण्याच्या बेतात होता, तेव्हा त्याला उत्तर सुचले. सगळे वरून खाली विभागत होते. त्याने सर्वांत दुर्मिळ चिन्हांपासून जोड्या लावत खालून वर जायचे ठरवले. १९५२ साली ते प्रसिद्ध झाले. छायाचित्रांच्या जेपेग पद्धतीत हफमनची संकेतावली आजही काम करते. (प्राध्यापकांनी आधीच "हे अवघड आहे हं" असे सांगितले असते तर काय झाले असते, हा विचार प्रत्येक शिक्षकाने एकदा करून पाहावा.)

तिसरा धागा सर्वांत महत्त्वाचा, आणि तो आपल्याकडून तिकडे गेलेल्या एका माणसाच्या हातचा आहे. नासिर अहमद यांचा जन्म १९४० साली बंगळूरचा. तेथेच अभियांत्रिकी शिकून ते अमेरिकेत गेले आणि १९६८ पासून कॅन्सस राज्य विद्यापीठात शिकवू लागले. चित्राची माहिती कमी आकड्यांत कशी मांडावी, याचा ते विचार करीत होते.

कल्पना समजण्यासाठी चित्राचा एक छोटा तुकडा घ्या : ८ ठिपके रुंद, ८ उंच. त्यात ६४ आकडे झाले. आता ६४ ठरावीक नक्ष्या करून ठेवल्या आहेत असे समजा. पहिली सपाट, पुढची एका बाजूने हळूहळू उजळणारी, मग पट्ट्यांच्या, शेवटी अगदी बारीक चौकटींच्या. रांगोळीच्या छापांचा डबाच म्हणा. चित्राचा कोणताही तुकडा या ६४ छापांचे योग्य प्रमाणात मिश्रण करून हुबेहूब बनवता येतो. येथपर्यंत काहीच वाचले नाही, कारण ६४ ठिपक्यांऐवजी ६४ प्रमाणे आली. पण निळ्या आकाशाच्या तुकड्याला जवळजवळ एकाच छापाची गरज असते. बाकीची प्रमाणे शून्याच्या आसपास येतात. शिवाय अगदी बारीक नक्षीत थोडी चूक झाली तर डोळ्याला कळत नाही. ती प्रमाणे ढोबळ करून टाकली की पाठवायला मोजकेच आकडे उरतात.

मग छाप कोणते घ्यावेत? प्रत्येक चित्राला सर्वांत अनुरूप छाप शोधण्याची रीत गणितात होती. तिला कारहुनेन-लोएव्ह रूपांतर म्हणतात. पण तीत चित्रागणिक छाप नव्याने काढावे लागतात, म्हणजे वेळ गेलाच. फूरिए यांच्या लहरी घेतल्या तर छाप कायमचे ठरतात; मात्र त्यांत एक खोट आहे. फळ्यावर १०, २०, ३०, अशी ८० पर्यंत एक ओळ लिहा. फूरिएची रीत असे धरून चालते की ही ओळ पुन्हापुन्हा येत राहते. म्हणजे ८० नंतर एकदम १०. या खोट्या उडीमुळे बारीक लहरींची गरज नसताना गर्दी होते. अहमद यांनी कोसाइनच्या लहरी घेतल्या, म्हणजे आपल्या जुन्या पुस्तकांतली कोज्या. तीत ओळ आरशातल्यासारखी उलटते : ८० नंतर पुन्हा ८०, मग ७०, ६०. उडी नाही, म्हणून गर्दीही नाही. छाप कायमचे, आणि निकाल त्या अनुरूप छापांच्या अगदी जवळ जाणारा.

१९७२ साली अहमद यांनी यावर काम करण्यासाठी अमेरिकेच्या राष्ट्रीय विज्ञान प्रतिष्ठानाकडे अनुदान मागितले. ते नाकारले गेले. कल्पना फारच सोपी आहे, असे एका परीक्षकाचे मत पडले. त्यांचा पगार नऊ महिन्यांचा असे. उन्हाळ्यातील तीन महिने अनुदानावर काढायचे. पत्नीशी बोलून त्यांनी १९७३ चा उन्हाळा बिनपगारी काढला आणि काम पुरे केले. आपले विद्यार्थी टी. नटराजन आणि टेक्सासमधील के. आर. राव यांच्यासह त्यांनी जानेवारी १९७४ मध्ये चार पानांचे टिपण प्रसिद्ध केले. ही हकिगत त्यांनीच १९९१ साली एका संशोधन-नियतकालिकात लिहून ठेवली आहे. अनुदानाचे प्रस्ताव तपासण्याचे काम माझ्याकडेही येते, आणि "यात नवे काय? फार सरळ आहे" असा शेरा मीही एकदा लिहिला आहे. तो प्रस्ताव पाठवणाऱ्याने पुढे काय केले, मला ठाऊक नाही.

केलचा फरक, हफमनची काटकसर आणि अहमद यांची कोज्या हे तिन्ही धागे एकत्र आले ते दूरध्वनीच्या तारांवरून चित्रसभा भरवण्यासाठी. मध्ये १९८१ साली जसवंत जैन आणि अनिल जैन यांनी आणखी एक सुधारणा नीट मांडली होती. तुकडा बदलला असे सांगण्यापेक्षा तो कोठून कोठे सरकला ते शोधून सांगावे, आणि उरलेला बारीक फरकच कोज्येच्या छापांत पाठवावा. आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघाच्या समितीने १९८८ साली 'एच.२६१' हे प्रमाण संमत केले, त्यात हे सगळे आहे. पुढे १९९३ चे एमपेग-१ आले (आपल्याकडच्या व्हीसीडी त्यावरच चालत) आणि २००३ मध्ये 'एच.२६४'. आकार आणि बारकावे बदलले, सांगाडा तोच राहिला.

खेळाच्या चित्राला मात्र हा सांगाडा थोडा अडचणीचा आहे. तो बनला कॅमेऱ्याच्या चित्रांसाठी, जेथे कडा मऊ असतात. खेळाच्या पडद्यावर गुणसंख्येची कातीव अक्षरे असतात. ती कोज्येच्या मोजक्या लहरींत बसत नाहीत आणि त्यांच्याभोवती धुरकट किडे वळवळल्यासारखे दिसतात. बर्फ पडू लागला किंवा खेळाडू गर्रकन वळला, की कोणता तुकडा कोठे गेला हे सापडेनासे होते आणि चित्राचे चौकोन पडतात. विद्यार्थ्यांनी हे शेकडो वेळा पाहिलेले असते.

माणसे दुसऱ्याचा खेळ पाहतील का, ही शंका तोपर्यंत फिटली होती. जस्टिन कान या तरुणाने मार्च २००७ मध्ये टोपीला कॅमेरा लावून स्वतःचे आयुष्य थेट दाखवायला सुरुवात केली. त्याच्या संकेतस्थळावर इतरही आपापली चित्रे दाखवू लागले. त्यांतला खेळांचा विभाग इतका वाढला की जून २०११ मध्ये तो 'ट्विच' नावाने वेगळा झाला आणि ऑगस्ट २०१४ मध्ये अ‍ॅमेझॉनने सुमारे ९७ कोटी डॉलरना विकत घेण्याचा करार केला. पण हे सारे टेबलावरच्या संगणकाचे जग होते.

मोबाइलवर अडसर होता तो भिंतीचा. मोबाइलमधील प्रत्येक अ‍ॅप स्वतःच्या खोलीत कोंडलेले असते. एकाला दुसऱ्याच्या पडद्याकडे पाहता येत नाही. हे योग्यच आहे, नाहीतर कोणतेही फुकटचे अ‍ॅप आपले बँक-खाते वाचत बसले असते. त्यामुळे सुरुवातीला हौशी मंडळी मोबाइलची कुलपे तोडत, किंवा संगणकाला वायरने जोडत, किंवा चक्क मोबाइलसमोर दुसरा कॅमेरा धरत. नोव्हेंबर २०१४ च्या अँड्रॉइड ५ मध्ये या भिंतीला अधिकृत खिडकी पडली. अ‍ॅपने पडदा मागायचा, मालकाला विचारणा दिसणार, तो 'हो' म्हणाला तरच चित्र मिळणार. आयफोनवर २०१५ मध्ये खेळाची नोंद आणि २०१६ मध्ये थेट प्रक्षेपण शक्य झाले. मिळालेले चित्र आवळण्याचे काम मोबाइलच्या चिपमध्ये केवळ त्यासाठीच ठेवलेला भाग करतो, म्हणून खेळाचा वेग फारसा मंदावत नाही. मोबाइल तापतो तो मात्र तापतोच. भारतात सप्टेंबर २०१६ पासून मोबाइल इंटरनेट स्वस्त झाले, २०१८ मध्ये 'पब्जी मोबाइल' आला, आणि २ सप्टेंबर २०२० ला सरकारने त्यावर बंदी घातली तोवर दुसऱ्याचा खेळ पाहणे गल्लोगल्ली पोहोचले होते.

त्या खिडकीबद्दल दोन शब्द लिहिणे भाग आहे. 'हो' म्हटल्यावर खेळाबरोबर वरून टपकणारे संदेशही दिसू शकतात. मोबाइलचा दूरून ताबा देणाऱ्या अ‍ॅपचा वापर करून लोकांचे पैसे लुबाडले जात असल्याबद्दल रिझर्व्ह बँकेने फेब्रुवारी २०१९ मध्ये बँकांना सावध केले होते. यावर एक उपाय प्रणालीतच आहे. अ‍ॅप बनवणाऱ्याने आपली खिडकी 'सुरक्षित' जाहीर केली, तर प्रक्षेपणात तेथे नुसता काळा आयत दिसतो. पण समोरच्याने फोनवर "ओटीपी वाचून दाखवा" म्हटले आणि आपण वाचला, तर काळा आयत काय करणार? वर्गात खेळाचे प्रक्षेपण करणारा मुलगा असेल तर त्याला ओरडण्याआधी ही विचारणा वाचायला सांगावी, असे मी त्या बाईंना सुचवले.

शिबिरात मग आम्ही एक प्रयोग केला. शेजारच्या वसतिगृहातील सातवी-आठवीची मुले बोलावली. दोन-दोन मुले पाठीला पाठ लावून बसवली; प्रत्येकाकडे ८ बाय ८ चौकटींचा कागद. एकाकडे क्रमाने दहा चित्रे, त्यांत एक काळा ठोकळा घरे बदलत जातो. त्याने तोंडी सांगायचे, दुसऱ्याने काढायचे, शब्द कमीत कमी. पहिले चित्र सगळ्यांनी घर-घर सांगितले. तिसऱ्यापर्यंत "बाकी तेच" सुरू झाले. पाचव्याला एक मुलगी म्हणाली, "तोच ठोकळा, दोन घरं उजवीकडे." तिला जैन-जैन यांचे नाव सांगायचा मोह मी आवरला. पुढे एका जोडीत गंमत झाली. ऐकणाऱ्याने एकदा डावे-उजवे चुकवले, आणि नंतरची सगळी चित्रे चुकत गेली, कारण प्रत्येक चित्र मागच्यावर उभे होते. आठव्या चित्राला तो वैतागून म्हणाला, "थांब, आता पूर्ण चित्र पहिल्यापासून सांग." प्रक्षेपणातही दर काही सेकंदांनी असे एक पूर्ण चित्र पाठवतात. इंटरनेट अडखळल्यावर विस्कटलेले चित्र एकाएकी स्वच्छ होते, ते त्याच क्षणी.