दिनविशेष : १९ ऑगस्ट
मास्टर विनायक यांचे निधन (१९४७)

साहित्यिकांना पडद्यापर्यंत आणणारे दिग्दर्शक मास्टर विनायक यांचे १९ ऑगस्ट १९४७ रोजी निधन झाले. स्वातंत्र्याला जेमतेम चार दिवस झाले होते आणि त्यांचे वय होते अवघे ४१. विनायक दामोदर कर्नाटकी यांचा जन्म १९ जानेवारी १९०६ रोजी कोल्हापूरचा. मामा वरेरकरांच्या कथेवरील ‘विलासी ईश्वर’ (१९३५) हा त्यांनी दिग्दर्शित केलेला पहिला चित्रपट. पुढे बाबूराव पेंढारकर आणि छायालेखक पांडुरंग नाईक यांच्यासह त्यांनी ‘हंस पिक्चर्स’ काढली.

वि. स. खांडेकरांची ‘छाया’ (१९३६), आचार्य अत्र्यांचा ‘ब्रह्मचारी’ (१९३८) आणि ‘ब्रँडीची बाटली’ (१९३९), चिं. वि. जोशींच्या चिमणराव-गुंड्याभाऊंचे ‘लग्न पहावे करून’ (१९४०) हे त्यांचे गाजलेले चित्रपट. खांडेकरांची करुणा आणि अत्र्यांचा खट्याळ विनोद, दोन्ही त्यांच्या हाती सारखेच खुलले. दीनानाथ मंगेशकरांच्या निधनानंतर लहानग्या लताला त्यांनी आपल्या ‘प्रफुल्ल पिक्चर्स’मध्ये काम दिले. अभिनेत्री नंदा ही त्यांची कन्या.