रानातला तित्तर रानातच राहू द्या. आखाडाला फार्मचा बटेर असा शिजवा

आखाड लागला की गावागावांत बेत सुरू होतात. पुढं श्रावण, मग गणपती, म्हणून आधीच उरकून घ्यायची सगळ्यांना घाई. याच दिवसांत मोबाईलवर एक मेसेज हमखास फिरतो, "तित्तर, लावऱ्या मिळतील. जिवंत. जोडीवर भाव." मागच्या वर्षी तो मलाही आला होता. पाठवणारा ओळखीचा, शेजारच्या गावचा पोरगा. महिन्याभरात त्याच्या दारात वनखात्याची गाडी उभी राहिली. मोटारसायकल गेली, मोबाईल गेला, आणि आता ऐन पेरणीत तो तारखांना तालुक्याला हेलपाटे घालतोय.

खरं सांगायचं तर लहानपणी मीही रानातला तित्तर खाल्लाय. आजोबा फासा लावायचे, आजी चुलीवर रस्सा करायची. कायदा तेव्हाही होता, आम्हाला माहिती नव्हती एवढंच. चव अजून जिभेवर आहे. पण त्या चवीत पक्ष्याचा वाटा किती आणि आजीच्या काळ्या मसाल्याचा वाटा किती, हे मला फार्मचा बटेर घरी शिजवायला लागल्यावर कळलं. म्हणून ही माहिती एका जागी देतोय. जपून ठेवा.

कोणता पक्षी चालतो, कोणता नाही

तित्तर, लावरी, रानकोंबडा, पाणकोंबडी, पखुर्डी, होला, रानबदक, मोर, लांडोर हे सगळे वन्य पक्षी आहेत. यांना पकडायचं नाही, मारायचं नाही, विकायचं नाही, घरात मांसही ठेवायचं नाही. "माझ्याच शेतात सापडला" हे कारण चालत नाही. शेत तुमचं असलं तरी पक्षी तुमचा नाही.

चालतो तो फार्मवर पाळलेला जपानी बटेर. १९७४ साली तो बरेली जवळच्या इज्जतनगर इथं आणला गेला आणि तिथून त्याचं पालन देशभर पसरलं. १७ ते १८ दिवसांत अंड्यातून पिल्लू निघतं आणि पाच-सहा आठवड्यांत पक्षी विक्रीला तयार होतो. टर्की आणि गिनी फाऊल हे पाळीव पक्षीही चालतात, पण रानातल्या पक्ष्याच्या जवळची चव पाहिजे असेल तर बटेरच.

कायदा काय म्हणतो

वन्यजीव संरक्षण कायदा १९७२ चा. त्यात २०२२ साली मोठी सुधारणा झाली आणि ती १ एप्रिल २०२३ पासून लागू आहे. दंडाची रक्कम तेव्हापासून बरीच वाढली.

– साधारण गुन्ह्याला ३ वर्षांपर्यंत कैद किंवा १ लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही.
– मोर, माळढोक, तणमोर असे पहिल्या अनुसूचीतले पक्षी असतील तर कैद किमान ३ वर्षे, जास्तीत जास्त ७ वर्षे, आणि दंड किमान २५ हजार रुपये.
– शिकार म्हणजे फक्त बंदूक नव्हे. फासा लावणं, जाळं टाकणं, आमिष ठेवणं, विष घालणं, अंडी फोडणं, घरट्याला हात लावणं हे सगळं शिकारीतच मोडतं. नुसता प्रयत्न केला तरी गुन्हा.
– शिकारीला वापरलेली गाडी आणि हत्यारं जप्त होतात.

आणखी एक. शिकारीचं नाव निघालं की आपण लगेच पारधी समाजाकडं बोट दाखवतो. पण आज फासे लावून त्याचे व्हिडिओ टाकणारी पोरं आपल्याच आळीतली आहेत. तो व्हिडिओच पुढं पुरावा होतो.

जिवाचाही प्रश्न आहे

कायदा बाजूला ठेवला तरी रानातला पक्षी आता पूर्वीचा राहिला नाही. आपण सोयाबीन, कपाशी, मका पेरतो ते बियाणं औषध लावलेलं असतं. कुठं थायरम, कुठं इमिडाक्लोप्रिड. उघडं पडलेलं बी तित्तर आणि लावरी वेचून खातात. अशा पक्ष्याला गुंगी येते, उडता येत नाही, आणि मग तो "हातानं सापडला" म्हणून घरी येतो. जो पक्षी सहज हाती लागला त्याच्यावरच जास्त संशय घ्यायला पाहिजे. शिजवल्यानं औषध निघून जाईल अशी खात्री नाही, आणि ताटावर लहान लेकरंही असतात.

दुसरी भीती बर्ड फ्लूची. देशातला पहिला प्रादुर्भाव २००६ साली आपल्याच राज्यात नवापूरला निघाला होता. २०२१ च्या जानेवारीत परभणी जिल्ह्यातल्या मुरुंब्यात कोंबड्या मेल्या होत्या, ते बऱ्याच जणांना आठवत असेल. मेलेला किंवा मलूल पक्षी दिसला तर उचलू नका, कुत्र्यालाही टाकू नका. जवळच्या पशुवैद्यकीय दवाखान्यात कळवा.

बटेर विकत घेताना

१. फार्मवर जाऊन घ्या आणि पावती मागा. बटेर आणि रानातली लावरी लांबून सारखीच दिसते. रस्त्यात कुणी हटकलं तर पावतीच कामाला येते.
२. फार्मचा पक्षी १५० ते २०० ग्रॅमचा भरतो. रानातली लावरी त्याच्या निम्मीही नसते. कुणी बारका, चपळ, पिंजऱ्यात डोकं आपटणारा पक्षी "फार्मचाच आहे" म्हणून देत असेल तर घेऊ नका.
३. डोळे स्वच्छ, पिसं चापून बसलेली, मागची बाजू कोरडी असा पक्षी निवडा. पंख पाडून बसलेला नको.
४. साफ केल्यावर एका पक्ष्याचं साधारण १०० ते १३० ग्रॅम मांस मिळतं. माणशी दोन पक्षी धरा.

साफ कसा करायचा

कातडी सोलू नका. बटेरात चरबी कमी असते आणि जी असते ती कातडीला असते. सोलला की मांस कोरडं पडतं. पाणी गरम करा, पण खळखळ उकळतं नको. त्यात पक्षी २०-३० सेकंद बुडवून पिसं काढा. उकळतं पाणी घेतलं तर पातळ कातडी पिसांबरोबर फाटते. राहिलेली बारीक लव जाळावर धरून काढा.

मग कात्रीनं पाठीच्या कण्याच्या कडेनं कापा म्हणजे पक्षी पुस्तकासारखा उघडतो. गळ्याजवळची दाण्याची पिशवी, आतडी आणि पित्ताची पिशवी काढून टाका. पित्त फुटलं तर सगळं कडू होईल, तिथं घाई नको. कलेजी आणि पेटा ठेवा. पेटा चिरून आतलं पिवळं कातडं काढून टाका. एकदाच हलक्या हातानं धुऊन निथळत ठेवा. विळी, कात्री, पाट आणि हात साबणानं धुतल्याशिवाय कोथिंबीर कापायला घेऊ नका.

काळ्या मसाल्याचा रस्सा (चार माणसांना)

साहित्य: बटेर ८, कांदे ३, सुकं खोबरं अर्धी वाटी, तीळ १ मोठा चमचा, खसखस १ छोटा चमचा, धने २ छोटे चमचे, लवंगा ४, मिरी ६-७, दालचिनीचा छोटा तुकडा, आलं-लसूण वाटण २ मोठे चमचे, काळा मसाला ३ छोटे चमचे, तेल ४ मोठे चमचे, हळद, मीठ, कोथिंबीर.

१. पक्ष्यांना हळद, मीठ आणि निम्मं आलं-लसूण चोळून अर्धा तास ठेवा. दही, लिंबू नको. मांस आधीच कोवळं असतं.
२. कांदे आणि खोबरं विस्तवावर किंवा गॅसवर काळपट डाग पडेपर्यंत भाजा. तीळ, खसखस, धने आणि खडा मसाला कोरडाच भाजा. सगळं एकत्र बारीक वाटा. पाट्यावर वाटलं तर उत्तमच.
३. तेलात उरलेलं आलं-लसूण परता, मग वाटण घाला. कडेनं तेल सुटेपर्यंत दम धरा. रश्श्याची चव इथंच ठरते.
४. काळा मसाला घालून लगेच पक्षी टाका आणि पाच मिनिटं परता.
५. पातेल्यावर ताट झाका आणि ताटात पाणी ओता. खाली वाफेवर मांस शिजतं आणि वरचं पाणी तापतं. दहा मिनिटांनी तेच गरम पाणी लागेल तेवढं आत घाला.
६. एक उकळी आली की जाळ बारीक करून आणखी १२ ते १५ मिनिटं. तंगडी हलवल्यावर सैल लागली आणि सांध्याजवळ लाल पाणी दिसलं नाही की झालं.

भाकरीबरोबर वाढा. हाडं बारीक आणि टोकदार असतात, लहान मुलांना मांस सोडवून द्या.

तव्यावरचा सुका बटेर

उघडलेल्या पक्ष्याला आलं-लसूण, हळद, मीठ, तिखट आणि चमचाभर तेल चोळून तासभर ठेवा. जाड लोखंडी तव्यावर कातडीची बाजू खाली ठेवून सात-आठ मिनिटं, मग उलटून सहा-सात मिनिटं. जाळ मध्यम. शेवटी लिंबू पिळा. कलेजी-पेटा बाजूलाच परता, पण पेट्याला वेळ लागतो, तो आधी टाका.

नेहमी होणाऱ्या चुका

सगळ्यात मोठी चूक कुकरची. गावरान कोंबड्याला चार शिट्ट्या लागतात म्हणून बटेरालाही देतात, आणि मग हाडं वेगळी, मांस वेगळं, तेही चोथा झालेलं. दुसरी चूक गार पाणी घालायची, त्यानं मांस आखडतं. तिसरी चूक उरलेला रस्सा रात्रभर चुलीवर तसाच ठेवायची. पावसाळ्यात लवकर आंबतो. गार झाला की फ्रिजमध्ये ठेवा, नसेल तर त्याच दिवशी संपवा.

तित्तर शेतात का पाहिजे

बांधावरच्या गवतात तित्तराची मादी जमिनीवरच अंडी घालते. दिवसभर हे पक्षी वाळवी, किडे, अळ्या आणि तणाचं बी टिपत फिरतात. आपल्याला त्याची मजुरी द्यावी लागत नाही. उन्हाळ्यात बांध पेटवताना ही अंडी जळतात, तेवढं जरी टाळलं तरी पुष्कळ झालं.

कुणी फासे लावताना दिसलं किंवा जखमी पक्षी सापडला तर वनखात्याच्या १९२६ या हेल्पलाईनला फोन करा. पण त्याआधी त्या पोराला जवळ बसवून समजावून सांगा. गावातलाच असतो तो. केस झाल्यावर घरच्यांचे हाल बघवत नाहीत.

आमच्या वस्तीवर सकाळी अजून तित्तर ओरडतो. माझी लेक त्याचा आवाज काढते आणि तो पलीकडच्या बांधावरून उत्तर देतो. आखाडाचा बेत आमच्याकडंही असतो, पण तो फार्मवरून आणलेल्या बटेराचा.